पिवळ्या पट्टीतलं घर

तीर्थरूप शेखरदादास,

तनुजाचा नमस्कार. रहाटणीला सगळे मजेत असाल, वहिनीचे गुडघे चालते झाले असतील. आम्हीही इकडे जागच्या जागी आहोत. (फोन का नाही केला, म्हणशील. मोबाइलची जागा हॉलमध्ये, यांच्या खुर्चीशेजारी आहे. पत्र दूधवाल्याच्या हाती देते आहे.)

तुझ्या दाजींच्या चाकणच्या कंपनीत प्रत्येक वस्तूची जागा पिवळ्या चिकटपट्टीने आखतात. बढती मिळाल्यापासून रणजीतरावांनी ती पट्टी घरी आणली. आधी डबे आखले, मग चपला, मग कढीपत्त्याची कुंडी. चमचा चौकटीबाहेर दिसला की यांना घास उतरत नाही. रागावत नाहीत हं, मी तो उचलेपर्यंत नुसते बघत राहतात. महिनाभर न वापरलेल्या वस्तूला, कंपनीच्याच रीतीने, लाल चिठ्ठी लागते आणि ती बाल्कनीत जाते. माझं शिलाई मशीन असंच गेलं. मग सासऱ्यांच्या आरामखुर्चीला चिठ्ठी लागली, तर आबाजी खुर्चीमागोमाग स्वतःच बाल्कनीत जाऊन बसले. आत चला म्हटलं, तर म्हणाले, "बरं हाय पोरी. हितं कुनी पुसाया येत न्हाई." तेव्हा मला हसू आलं होतं. हल्ली तिथेही खुर्चीभोवती पट्टी आली आहे; ते पाय तिच्या आत घेऊन बसतात आणि बोलत नाहीत.

परवा सकाळी गॅससमोर फरशीवर पिवळी पावलं दिसली. उभी राहून बघितलं, तर करंगळीपर्यंत माझीच. माप मी झोपेत असतानाच घेतलं असणार. चिडून सुरीने खरवडायला बसले आणि पोळ्या करायच्या म्हणून तशीच उठले. खरं सांगू? त्यात उभं राहिलं की पोळ्या गोल येतात, डोकं शांत होतं. त्याचीच मला भीती वाटते रे.

बाकी ठीक. पोरांना माझा पापा दे.

तुझी,
तनुजा

ता. क. मला न्यायला ये. वहिनी आजारी आहे म्हणून सांग. गुरुवारी यांना सुट्टी असते, रीतसर विचारून नेता येईल. गाडीत आबाजींनाही जागा ठेव.

आणखी एक. आत्ता बघते तर दाराशी तुझ्याच मापाच्या बुटांची चौकट आखलेली आहे. तू येणार हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. यांना जाब विचारायला निघाले होते, तेवढ्यात बोटांना पट्टीचा चिकटा लागलेला दिसला. (माझ्याच बोटांना.) पट्टी अगदी सरळ आली आहे, दादा. गुरुवारपर्यंत थांबू नकोस.