नेलिदाच्या पिक्चरमधला बाप

४ मार्च १९५३
काम मिळालं! डायरेक्टर इबार्गुरेनच्या नव्या पिक्चरमध्ये नायिकेचा बाप. आणि नायिका कोण, तर आमची नेलिदा! आयुष्यभर मी फौजदार आणि नोटरी झालो, दोनदा प्रेत. पण डोळे लावून बसलो होतो ते यासाठीच. बाप-लेक एका फ्रेममध्ये. नेलिदा हटून बसली म्हणून मला घेतलं, असं बायको म्हणते. देल्फिनाला अभिनयातलं काही कळत नाही.
संकल्प: रॅव्हिओली खाणं बंद. आवाजासाठी रोज गरम दूध.

५ मार्च
ब्वेनोस आयरेसचे नट जमतात त्या कॅफेत बातमी दिली. मी आत शिरताच नेहमीप्रमाणे सगळ्या नटांचा डावा हात पँटच्या खिशात. मला कॉफी पाजायला केवढी चढाओढ! शेवटी पैसे मीच दिले, कारण कुणाचाच हात बाहेर येईना.
घरी कालची रॅव्हिओली उरली होती. टाकवेना. दूध उद्यापासून.

१६ मार्च
शूटिंगचा पहिला दिवस. "पोरी, इकडे ये" एवढं म्हटलं आणि वरचा मोठा लाइट धाडकन खाली. कुणाला लागलं नाही. वायरिंग जुनं आहे.
मेकअपवाला फेर्मिन एका हाताने मला पावडर लावतो, दुसरा खिशात. याला म्हणतात कसब. सेटवर कुणी मला नावाने हाक मारत नाही. "ते आले का?", "त्यांना सांगा." नाव घ्यायची गरजच उरू नये, याहून मोठेपण ते काय!

१९ मार्च
सकाळी जनरेटर बंद. दुपारी कॅमेरामनचा पाय मुरगळला. युनिटला शिस्त नाही. इबार्गुरेनला तोंडावर सुनावलं. तो चार पावलं मागे सरून ऐकत होता. अनुभवाचा मान ठेवतो.

२३ मार्च
कथेत सुधारणा. बाप आधीच वारलेला. दिवाणखान्यात त्याचा मोठा फोटो टांगणार. आधी जिवाला लागलं. मग नीट विचार केला. आधी माझे सीन तीन. आता दिवाणखान्याच्या प्रत्येक सीनमध्ये मी! नेलिदा खाली बघत म्हणाली, पपा, रागावू नका हं. रागावतो कशाला? फोटोसाठी चेहऱ्यावर मायेचा आणि करड्या शिस्तीचा भाव एकदम आणला. जमला.

२७ मार्च
फोटो पडला. काच नायकाच्या बुटात. खिळा लहान होता, मी पहिल्याच दिवशी बोललो होतो. आता बापाचा नुसता उल्लेख राहणार. उल्लेखातही दम असतो.

१२ एप्रिल, रविवार
मला चाहते आहेत! लाइटवाले गाडीतून फुटबॉलला घेऊन गेले. तिकीट त्यांचं, शेंगदाणे त्यांचे. मला मात्र विरुद्ध टीमच्या लोकांत बसवलं आणि स्वतः समोरच्या बाजूला गेले. म्हणाले, तिथे बसा, तेवढीच ओळख वाढेल. ज्यांच्यात बसलो होतो ते चार गोलांनी हरले, गोलकीपरला उचलून न्यावं लागलं. लाइटवाले लांबूनच मला चुंबनं फेकत होते. पुढच्या रविवारचंही तिकीट हातात ठेवलंय.

१३ एप्रिल
ते तिकीट देल्फिनाने चुलीत घातलं. मग भांडी आपटत जे बोलली ते जसंच्या तसं लिहितो. अरे म्हाताऱ्या, पांढऱ्या पायाचा म्हणतात तुला! मुफा! तुझं नाव घेतलं तरी घात होतो म्हणून कुणी घेत नाही. खिशात हात घालून ते पाकीट नाही चाचपत, काय धरतात ते मी बाईमाणसाने सांगू? आणि बायका डाव्या छातीवर हात ठेवतात, तुझी बाधा होऊ नये म्हणून. सगळ्या ब्वेनोस आयरेसला ठाऊक आहे, एक तुला सोडून.
मी हसलो. ती हसली नाही.

१४ एप्रिल
शास्त्रीय पद्धतीने तपास केला. कॅफेत शिरलो. बाहेर आलो. पुन्हा शिरलो. दोन्ही वेळा हात खिशात. दुसऱ्या खेपेला वेटरचाही, आणि त्याच्या हातात ट्रे होता. ट्रे पडला. पण तो माझ्यामुळे नव्हे, त्याने हात काढला म्हणून. देल्फिनाला हे पटवून दिलं. ती उठून स्वयंपाकघरात गेली.
झोप येत नाही. दुधाने येईल.

२० जुलै
पोस्टर लागले. नेलिदाने आईचं आडनाव लावलंय. कानाला बरं लागतं. उल्लेखही कापला, असं कळलं. पिक्चर लांबत असेल.
शुक्रवारी प्रीमियर. संकल्प: थिएटरच्या मधल्या दारातून जायचं, लेकीचा हात धरून, सगळ्यांसमोर. एकदा काही न पडता आत गेलो की सगळ्यांची तोंडं बंद. सूट इस्त्रीला दिला.

२३ जुलै
नेलिदा आली. कोट न काढताच बसली. मातेचा कडू चहा केला, तो तिच्या हातातच गार झाला. म्हणाली, पपा, उद्या येऊ नका. माझा असल्या गोष्टींवर काडीचा विश्वास नाही, पण नायक म्हणतो तुम्ही आलात तर तो आत पाऊल टाकणार नाही. मला पहिलाच पिक्चर मिळालाय हो. बोलताना तिचा हात कोटावर होता, डाव्या बाजूला. मी विचारलं, छातीत दुखतंय का. ती म्हणाली, हो, थोडंसं.
जाताना पापा घेतला. घाईतच.

२४ जुलै
गेलो नाही. सूट घालून बसलो.

२५ जुलै
देल्फिना प्रीमियरहून घसा बसवून आली. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. काही पडलं नाही, कुणी घसरलं नाही, लाइट एकदाही गेले नाहीत. पिक्चर तुफान चालणार. मी नव्हतो, म्हणून. दुसरं काय कारण असणार? शास्त्रीयदृष्ट्या आता वाद उरला नाही. न्हाणीघरात जाऊन रडलो.
पण विचार केला तर एवढा आधार नायिकेला आजवर कोणत्या सहनटाने दिलाय? संकल्प: तिच्या पुढच्याही प्रीमियरला जायचं नाही.
दुपारपासून नेलिदाचे तीन फोन आले. पपांना द्या म्हणत होती. मी घेतला नाही. सोमवारी नव्या करारावर सही आहे तिची, उगाच कशाला.