ट्यूबवरचा आकडा

बारामती,
४ फेब्रुवारी २०२५

ती. आबांस,
माधवीचा सा. न. वि. वि.

तुम्हाला फोनवर ऐकू येत नाही आणि आजी फोन उचलत नाही, म्हणून पत्र. रविवारी शेळगावला आले तेव्हा पाहिलं, वांग्यावरचे किडे पकडायचा दिवा तुम्ही पडवीलगत टांगलाय आणि आजी रोज संध्याकाळी त्याच्याखाली मेथी निवडते. तिचा मोतीबिंदू काढून महिनाही झाला नाही. तेव्हापासून मला चैन नाही.

आम्हाला याच आठवड्यात शिकवलं, की उजेड बारीक कणांनी येतो. त्या कणाला फोटॉन म्हणतात आणि एकेका फोटॉनची ऊर्जा गणितानं काढता येते. कण जितका जोरदार, तितका डोळ्याला वाईट. ट्यूबवर नॅनोमीटरचा आकडा छापलेला असेल, तेवढा कळवा. बाकी गणित मी करते.

आणि डब्यात दर वेळी वांगं पाठवू नका, होस्टेलच्या मुली हसतात.

तुमची लाडकी,
माधवी

शेळगाव,
७ फेब्रुवारी २०२५

चि. माधवीस अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र आजीला वाचून दाखवलं. पोरगी शिकली की दिव्यालाही भ्यायला लागते, असं तिचं म्हणणं. आत बसायला ती तयार नाही, एकटीला करमत नाही म्हणे.

ट्यूब काढून बघितली. आकडा ३६५, केवढा मोठा! तीस वर्षं पाणी योजनेच्या मोटारी चालवल्या, पाच हॉर्सपॉवरची मोटर आणि दहाची मोटर यातला फरक मला कुणी सांगायला नको. तडक गावातल्या पाण्याच्या फिल्टर प्लांटवर गेलो. तिथं याच मापाची एक जादा ट्यूब होती, तिच्यावर २५४. मागून आणली आणि बसवली. उजेडही मंद, निळसर आहे. आज आजी भागूबाईच्या नातीच्या लग्नाला गेलीय, उद्यापासून खुशाल तिथं बसेल. तू निश्चिंत राहा.

वांगी पाठवतोच आहे. मुलींना खाऊ घाल, म्हणजे हसायच्या नाहीत.

तुझा,
आबा

बारामती,
१० फेब्रुवारी, सकाळी

ती. आबांस नमस्कार.

आधी ती ट्यूब बंद करा, मग पुढचं वाचा.

चूक माझी आहे. त्या आकड्यानं भागायचं असतं, हे मी लिहिलंच नाही. १२४० ला ३६५ नं भागलं की एका फोटॉनची ऊर्जा येते ३.४ इलेक्ट्रॉन व्होल्ट. २५४ नं भागलं की ४.९. आकडा लहान, तसा कण जोरदार, तुमच्या मोटारीच्या अगदी उलट. फिल्टरची ट्यूब पाण्यातले जंतू मारायला असते, म्हणून तर ती पेटीत बंद ठेवतात. तिच्या उजेडानं डोळे भाजतात.

शेजारच्या म्हस्कूतात्यांचा फोन बंद आहे. आज माझी प्रॅक्टिकल परीक्षा, निघता येत नाही. आपल्या गावचा अविराज भाजीचा टेम्पो घेऊन इथं मार्केटला आलाय, त्याच्याजवळ ही चिठ्ठी देते. आजीचे डोळे लाल झालेत का, पाणी येतं का, सगळं खरं लिहा. शिकलेलं मिरवायच्या नादात मी अर्धंच सांगितलं. मला फार भीती वाटते आहे.

माधवी

शेळगाव,
११ फेब्रुवारी २०२५

चि. माधवीस अनेक आशीर्वाद.

आधी डोळे पूस. आजी ठणठणीत आहे.

चिठ्ठी वाचून मी धोतर सावरत दिव्याकडे पळालो. बघतो तर आत जुनीच ट्यूब, ३६५ ची! आजीला विचारलं तेव्हा उलगडा झाला. दिव्याखाली तिनं डब्यात मिरचीची सहा रोपं लावली होती. लग्नाहून आल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी बघते तर सगळी पानं करपलेली. तिनं लगेच माझी ट्यूब काढून जुनी बसवली आणि तेव्हापासून मेथी घेऊन आत बसते. ज्या उजेडानं मिरची करपती तितं मी माझं डोळं कशाला नेऊ, असं म्हणाली. हे मला त्याच दिवशी सांगितलं होतं म्हणे. मला ऐकू आलं नाही, मी नुसती मान हलवली. ती आत बसते ते तुझ्या पत्रामुळे, असं मी समजत होतो.

तरी तुझ्या शब्दाखातर आज इंदापूरला डोळ्यांच्या डॉक्टरांना दाखवून आलो. डोळे स्वच्छ आहेत. माझ्या जिवात जीव आला. ती ट्यूब प्लांटवर परत दिली. दिवाही वावराच्या पार टोकाला नेऊन टांगला.

तुझा भागाकार मी कॅलेंडरच्या मागे करून पाहिला. दोनदा चुकला, तिसऱ्यांदा बरोबर आला. आजीला तो करावाच लागला नाही, याचा मला जरा राग आलाय. पण हे लिहितोय तेव्हा ती समोर बसून तुझी गोधडी शिवतेय आणि सुईत दोरा तिनं माझ्याकडे न देता स्वतःच ओवला.

माया अशीच राहू दे.

तुझा,
आबा