मिलिंदला पाणबुडीवर जायचंय

९ जानेवारी
मि.चा फोन. जहाज बंदराला लागलं असणार, नाहीतर रेंज कुठली! पहिलं वाक्य "जेवलीस का?", दुसरं "पाणबुडीसाठी अर्ज करू का?" मधे काहीच नाही. नवरा इतका सरळ की रागवायलाही वेळ मिळत नाही. म्हटलं, फ्रिगेटवर काय वाईट चाललंय? तर म्हणे, "तू हो म्हणालीस तरच फॉर्म भरतो. फेब्रुवारीअखेर मुदत आहे." झालं. चेंडू माझ्या अंगणात टाकून साहेब मोकळे.
लग्नाला चौदा महिने. एकत्र राहिलो एकोणपन्नास दिवस. मोजलेत मी.

११ जानेवारी, रविवार
जहाजांच्या जाती मि.ने लग्नानंतर शिकवल्या होत्या, वहीच्या मागे लिहून ठेवल्यात. आज त्यांच्यापुढे बायकोच्या नजरेतून शेरे मारले.
कॉर्व्हेट – लहान. किनाऱ्याच्या आसपास. नवरा लवकर परत. उत्तम.
फ्रिगेट – मधलं. महिना-दोन महिने गायब, पण बंदरात फोन. चालवून घेतो.
विनाशिका – आणखी मोठी, आणखी लांब. नावही कसं ठेवलंय!
विमानवाहू – माणसं एका गावाएवढी. एकटी कुठे जात नाही, नवरीसारखा भोवती अख्खा ताफा.
टँकर – सगळ्यांना तेल वाटत हिंडतो, स्वतः घरी कधी येईल पत्ता नाही.
पाणबुडी – आठवडेच्या आठवडे फोन नाही. कुठे आहे ते कुणाला सांगायचं नाही.
गंमत म्हणजे पाणबुडी शोधणं हेच फ्रिगेटवर मि.चं काम. कानाला हेडफोन लावून पाण्यातले आवाज ऐकतो. आता जिला शोधायचं तिच्यातच जाऊन बसणार.

१६ जानेवारी
पॅकिंग हाऊसमध्ये दिवसभर उभी. (मी सुपरवायझर. सगळ्या बाया मॅडम म्हणतात, ऐकत एकही नाही.) आखाती देशांचा कंटेनर भरला. रावेरची केळी समुद्र ओलांडून जातात. मी अजून समुद्र पाहिलेला नाही.
धुळ्याहून मायचा फोन. तिला पाणबुडीचं सांगितलं ही चूक. "पानीना खाल माणूस ऱ्हास का? मासा शे का तो? बठ्ठा लोक जमीनवर नोकरी करतस, यालेच काय धाड भरनी?" हसले. फोन ठेवल्यावर मात्र रडू आलं.

२५ जानेवारी
५ फेब्रु.ला सुट्टीवर येतोय!! आबांना (सासरे) सांगितलं तर पेपरातून मान वर न काढता "बरं." वरणगावच्या दारूगोळ्याच्या फॅक्टरीत जन्म गेला, तिथलं अवाक्षर घरी काढलं नाही. आता रिटायर झाले तरी तोंडाला कुलूपच.
आमच्याकडे लांबचं माणूस येणार म्हटलं की परसातल्या केळीचा घड आधी उतरवून कोठीत दडपायचा. माणूस दारात आणि घड पिवळा, असं जुळलं पाहिजे. सासूबाई होत्या तेव्हा त्यांचं कधी चुकलं नाही म्हणतात.

२७ जानेवारी
घड काढला. थंडी आहे, नऊ दिवस धरले.

३ फेब्रुवारी
सुट्टी पुढे गेली. जहाज परत बाहेर. कुठे, ते विचारायचं नाही. आता बहुतेक २०.

६ फेब्रुवारी
घड वेळेवर पिकला, माणूस नाही. आबा तिन्ही वेळा केळी-पोळी. गल्लीभर वाटली. समोरच्या काकूंनी केळी घेता घेता विचारलंच, "आला का तुझा जहाजवाला?"

११ फेब्रुवारी
दुसरा घड उतरवला. २० धरून.

१४ फेब्रुवारी
भांडी घासत होते. मागून "जेवलीस का?" दारात मि., खांद्यावर बॅग. सहा दिवस आधी. कळवलं नाही, अचानक निघता आलं म्हणे. साबणाचे हात तसेच त्याच्या शर्टाला पुसले.
कोठीतला घड दगड. शेवटी कच्च्या केळ्यांची भाजी केली. एवढे कंटेनर बिनचूक पाठवते आणि घरचा घड दोनदा चुकला. मि. खात होता, आबा म्हणाले, "हिचे खोके दुबईले बराबर पोचतात. नवऱ्याचा नेम काई लागत नाई."

१६ फेब्रुवारी
विचारलं, पाणबुडीत एवढं काय आहे? म्हणाला, "एकदा चार दिवस एकीला शोधत होतो. आमचीच, सराव होता. ती खाली आहे हे माहीत होतं, पण आवाज नाही. चौथ्या दिवशी वाटलं, आपण इथे वर काय करतोय?" सांगताना चेहरा असा उजळला की मला त्या लोखंडाच्या नळकांड्याचा मत्सर वाटला.
मी म्हटलं, आणि मी?
"म्हणून तर विचारतोय ना तुला."

१८ फेब्रुवारी
गेला. चार दिवसांत ना हो म्हणाले ना नको. गाडी सुटताना म्हणाला, "२७-२८ला बंदरात असू. तोवर मेसेज टाकून ठेव, लागलो की वाचीन."
उशीला त्याच्या तेलाचा वास आहे. अभ्रा धुणार नाही, कुणी काही म्हणो.

२२ फेब्रुवारी
मेसेज टाकला. "नको. मला तू हवा आहेस. निदान फोनवर तरी." एकच टिक.
मोकळं वाटेल असं वाटलं होतं. नाही वाटलं.

२५ फेब्रुवारी
आबांना सांगितलं, नाही म्हणाले मी. त्यांनी पेपर खाली ठेवला. म्हणाले, "पोरी, तुह्या सासूले मी कधीच सांगतलं नाई फॅक्टरीत काय करतो ते. बंदीच होती. तिनं विचारलं बी नाई. डबा भरे, दारात उभी राहे. आता सांगाले मोकळा हाये, तं ती नाई." मग, "पन काम मले आवडे. ते तिले मालूम होतं. न सांगता."
आणि पेपर परत वर. इतकं बोलताना मी त्यांना पहिल्यांदा पाहिलं.

२७ फेब्रुवारी
पॅकिंग हाऊसमध्ये लक्ष नव्हतं, दोन खोक्यांवर उलटी लेबलं लावली. आपण त्याला किनाऱ्याला बांधून ठेवलं तर तो राहील. तक्रारही करणार नाही. जेवलीस का विचारील, भाजी खाईल. पण पाणबुडीचं सांगतानाचा तो चेहरा पुन्हा दिसणार नाही, आणि ते माझ्यामुळे असेल. हे मला सोसणार नाही.
जेवणाच्या सुट्टीत दुसरा मेसेज टाकला. "फॉर्म भर." एकच टिक.

२८ फेब्रुवारी
मुदतीचा शेवटचा दिवस. सकाळी सातला पाहिलं, नऊला, साडेअकराला. दोन्ही मेसेज एकाखाली एक, दोन्ही तसेच. आता पावणेपाच.
वरचा "नको" पुसायला बोट ठेवलं होतं. मग काढलं. पुसला तर "मेसेज डिलीट केला" असं दिसेल आणि काय पुसलं ते विचारत बसेल. शिवाय खोटं कुठे आहे ते? नको हेही खरं, भर हेही खरं. जहाज किनाऱ्याला लागलं की दोन्ही एकदम पोचतील. दोन्ही वाचू दे त्याला.