घाई नाही, पण जरा येते का?

शंकर नगर, रायपूर
गुरुवार

आदरणीय सरोजिनीबाई यांस,

तुमच्या भावाच्या गळ्यात अजगर असलेला फोटो तुम्ही घरच्या ग्रुपवर पाहिलात, त्याखाली तीन अंगठे दिलेत आणि वर 'शाब्बास रे माझ्या वाघा' असं लिहिलंत, म्हणून हे पत्र लिहावं लागत आहे. एरवी लिहिलं नसतं.

जयभीम. तो उभ्यानं करता येतो हे बरं आहे. वाकून पाया पडणं सध्या गुडघ्याला जमत नाही, तेवढं समजून घ्यावं. तुमची साखर आता किती असते, तुमची सून देवयानी गोळ्या वेळेवर देते की मोबाइलवर नुसती आठवण पाठवते, ते कळवावं. इकडे सर्व ठीक आहे. ठीक आहे म्हणजे आज ठीक आहे.

हे सगळं फोनवर सांगितलं असतं. पण आमच्याकडे फोन कायम स्पीकरवर असतो, आणि "बाईले काही सांगू नको, तिचं बीपी वाढते," असं तुमच्या भावानं मला बजावलं आहे. सांगणार नाही, असं मी कबूल केलं. लिहिणार नाही, असं कबूल केलेलं नाही.

तर अभनपूरच्या पुढे यांनी निवृत्तीनंतर जो जमिनीचा तुकडा घेतला आहे (ज्यात पेरू लावले आणि बेशरमाची झुडपं उगवली), तिथे राखणीला नत्थू असतो. त्याच्या कोंबड्यांच्या खुराड्याला लावलेल्या जाळीत गेल्या शनिवारी एक अजगर अडकला. नऊ-दहा फूट, मांडीएवढा जाड. कोंबडी मिळाली नव्हती, म्हणजे जनावर उपाशी. पाऱ्यातली, म्हणजे वस्तीतली, माणसं काठ्या घेऊन जमली. तेव्हा तुमचे बंधू मध्ये उभे राहिले आणि म्हणाले, मारायचं नाही. इथपर्यंत त्यांचं बरोबरच होतं, आणि हे मी त्यांना तोंडावर सांगितलंही आहे. वनविभागाला फोन केला. तिकडून "हव, हव, आवत हन", म्हणजे हो हो, येतोच, असं उत्तर आलं, पण सुट्ट्या लागून आल्या होत्या आणि माणूस मंगळवारी येणार होता. तोवर अजगर शेतावर ठेवला तर कोणीतरी मारणार. म्हणून तो एका खोळीत भरून गाडीच्या डिकीतून रायपूरला, आमच्या घरी. मला आधी विचारलं का? हो, वाटेतून फोन आला: "पाहुणा येऊन राहिला, मागच्या बाथरूममधल्या बादल्या काढून ठेव." मी बादल्या काढल्या आणि चहाचं आधण ठेवलं.

(मध्येच उठून मागच्या बाथरूमची कडी पाहून आले. लागलेली आहे. आत आता कोणी नाही, तरी पाहते.)

बाई, मी झूऑलॉजी घेऊन बी.एस्सी. झाले, त्याला चाळीस वर्षं होऊन गेली. बेडकाच्या पलीकडे फारसं आठवत नाही. पण अजगराला विष नसतं म्हणजे तो निरुपद्रवी, हे कुठल्याच पुस्तकात नव्हतं. ट्रकलाही विष नसतं. तुमच्या भावाचं मात्र दोन दिवस एकच पालुपद: "अवं, त्याले विष नसते. गाईसारखं जनावर आहे. तू काहून भेऊन राहिली?" शनिवारी संध्याकाळी त्यांनी तो गळ्यात घालून घेतला. फोटो वरच्या मजल्यावरच्या रीनानं काढला. ती बँकेत आहे, मराठी सगळं समजतं, बोलते हिंदीत. तिनंही विचारलं, "अंकल, ये निगल तो नहीं जाएगा?" बिल्डिंगमध्ये सगळ्यांना एकच चिंता, गिळण्याची. एका शेजाऱ्यानं तर सांगितलं, की अजगर माणसाच्या शेजारी लांब होऊन झोपतो तो माप घ्यायला. माप शिंपी घेतो. मी सर्वांना एकदाच आणि मोठ्यानं सांगितलं, की आपल्याकडचा अजगर सहसा माणसाच्या वाटेला जात नाही आणि माणसाचे खांदे त्याच्या जबड्यात मावतही नाहीत. पण मारायला गिळावं लागत नाही. तो विळखा घालतो आणि तुम्ही हलाल, श्वास सोडाल, तसा आवळत जातो. हाडं मोडत नाहीत. रक्त थांबतं, आणि माणूस ओरडायच्या आत खाली बसतो. एवढं मोठं जनावर एकट्यानं हाताळायचं नाही, गळ्यात घालायचं नाही, आणि हाताला मांसाचा वास असताना तर त्याच्या जवळही जायचं नाही. जवळ दुसरा माणूस हवाच. यावर "तू कालेजात लेक्चरर व्हायले पाहिजे होती," असं मला सांगण्यात आलं.

दुसऱ्या दिवशी रविवार. रविवारचं मटण आपल्या घरात कोण करतं, हे तुम्हाला माहीत आहे. तुमच्या वडिलांपासून ते बायकांच्या हाती गेलेलं नाही. सकाळी स्वयंपाकघरातून मला बाहेर काढण्यात आलं. मटण धुऊन, मसाला चोळून, कोपरापर्यंत हात बरबटलेले, असं चाललेलं असताना मागच्या बाथरूममध्ये काहीतरी पडल्याचा आवाज आला. (साबणाची डबी होती.) तुमचे बंधू पाहुण्याला काय हवं नको ते पाहायला गेले. हात न धुता. एकटे.

मी पुढच्या खोलीत पाय वर करून बसले होते. थोड्या वेळानं आतून हाक आली, "सत्यभामा, घाई नाही, पण जरा येते का?"

घाई नाही म्हणाले, म्हणून मी गुडघ्यावरची गरम पाण्याची पिशवी काढली, तिचं बूच नीट लावलं, चपला शोधल्या. दुसरी हाक आली. तिच्यात आवाज कमी होता. "थोडी घाई आहे."

उजवा हात मनगटापाशी त्याच्या तोंडात. एक वेढा दंडाला, एक काखेतून छातीवर, आणि एक मानेकडे निघालेला. शेपटीकडचा भाग खाली नळाच्या पाइपाला. त्याला राग नव्हता, मी हे त्याच्या बाजूनं लिहिते. त्याला मटणाचा वास आला आणि त्यानं मटण धरलं. तुमच्या भावाचा चेहरा वांग्यासारखा झाला होता. आणि अशा अवस्थेत तो माणूस मला म्हणाला, "वढू नको, दात मागं वळलेले असतात." म्हणजे माझं लेक्चर ऐकलं होतं.

विळखा सोडवायचा तो शेपटीकडून, हे मला माहीत होतं. शेपटी होती फरशीवर. मला फरशीपर्यंत जाता येत नाही. बाई, माझ्या आयुष्यात मला जे माहीत आहे ते करता आलं नाही, असं फार कमी झालं आहे. मी खिडकीतून रीनाला हाक मारली. ती पोळ्यांच्या पिठाच्या हातानं तशीच धावत आली, दारात क्षणभर थांबली आणि म्हणाली, "आंटी, पहले किसको पकड़ूं?" मी म्हटलं, पूँछ. ती फरशीवर पालथी झाली, शेपटी पाइपावरून सोडवली, आणि एकेक वेढा उलट फिरवत वर यायला लागली. मी मानेकडचा वेढा दोन्ही हातांनी धरून ठेवला. त्याच्यात किती जोर असतो ते फोटोत दिसत नाही. यांचा चष्मा माझ्या पायाखाली आला आणि मोडला. ते बोलायचे थांबले. पुढचं थोडं मी लिहीत नाही.

वेढे रीनानं सोडवले, तोंड सुटलं ते सॅनिटायझरनं. कोरोनात यांनी पाच लिटरचा कॅन आणला होता, त्यावरून मी त्यांना आजवर बोलत आले. त्यातली एक बाटली बाथरूमच्या कपाटात होती. ती मी त्याच्या जबड्यात ओतली. त्याला चव आवडली नाही. (यापुढे त्या कॅनबद्दल मी बोलणार नाही, असं यांना वाटतं.) मनगटाला टाके पडले, छातीचा फोटो काढला, तो ठीक आहे. मटण करपलं. दवाखान्यातून येताना रिक्षात तुमचे बंधू पहिलं वाक्य काय बोलले? "त्यानं प्रेमानं धरलं होतं." रीना पुढे बसली होती, ती वळून म्हणाली, "अंकल, अब आप चुप बैठिए." मला ती मुलगी पहिल्यापासूनच आवडते.

मंगळवारी वनविभागाची माणसं आली आणि जनावर घेऊन गेली. दोघं होते. दोघं! एकानं डोकं धरलं, दुसऱ्यानं धड, आणि कोणीही फोटो काढला नाही. माझी अपेक्षा होती, की आता विषय संपला. पण कोणत्याशा सर्पमित्रांच्या ग्रुपनं यांना सभासद करून घेतलं आहे. आत्ता या क्षणी ते गॅलरीत टाक्यांचा हात वर धरून फोनवर कोणाला तरी विचारत आहेत, "किती फूट?"

(उठून पाहून आले. घोणस आहे म्हणे, दुसऱ्या कोणाला तरी पाठवलं. गाडीची किल्ली मी डाळीच्या डब्यात ठेवली आहे.)

तेव्हा त्या फोटोखालचे अंगठे काढून टाकावेत आणि मोठी बहीण म्हणून त्यांना खडसवावं. ते जगात तुम्हालाच भितात. अजगराला भ्यायला हवं होतं, ते नाही. बाकी काळजीचं कारण नाही.

आपली,
सत्यभामा

ता. क. अजगर ज्या खोळीत आला, ती तुम्ही लग्नात दिलेल्या दुलईची. शेतावरच्या खोलीत होती. त्याच खोळीतून तो गेला. परत मागितली तर गार्ड म्हणाला, "दीदी, वो तो सरकारी हो गई." दुलई उघडीच आहे.

ता. क. दुसरं. माझ्या डाव्या गुडघ्याचं ऑपरेशन पुढच्या महिन्यात आहे. दोनदा पुढे ढकललं, आता डॉक्टर ढकलू देत नाहीत. त्यानंतर काही आठवडे मला खोलीतून खोलीतही जाता येणार नाही. यांना मी सांगितलेलं नाही. सांगितलं की ते सेवा करायला लागतील. रीना दिवसभर बँकेत असते. आणि मागच्या बाथरूममधून हाक आली, तर मी उठेपर्यंत काय होईल, ते मी रविवारी पाहिलं आहे. अशा प्राण्याबरोबर घरात दुसरा माणूस हवाच.

मागच्या वेळी जाताना तुम्ही म्हणालात, की या घरात तुमचं काही काम नाही. आता आहे. स्वयंपाकघरात मी मध्ये येणार नाही. येऊ शकणार नाही. घाई नाही, पण जरा येता का?

ता. क. तिसरं. थोडी घाई आहे.

माझा भाचा इंद्रजीत रेल्वेत आहे, उद्या ड्यूटीवर तुमच्या गोंदियाला येतो आहे. त्याच्या हाती दिलं: हे पत्र, चिकटवलेलं. आंब्याच्या लोणच्याची बरणी एक, साखर न घातलेलं. सॅनिटायझरची बाटली एक, भरलेली, सोबत असावी म्हणून. खोळ नसलेली दुलई एक. माप घेऊन नवी खोळ शिवून आणावी. आमच्या दाराची किल्ली एक.