विचारलं तेवढंच

११ जाने. १९९९, सोम.
वकिलांचा निरोप. हौसाक्काच्या वाटणीच्या दाव्यात माझी साक्ष संपली नाही. तिचे दीर गणपतराव, त्यांचा अर्ज मंजूर. माझा उलटतपास पुन्हा.
आमचे हे पेपर खाली न ठेवताच म्हणाले, "एकदा सांगून झालंय की तुझं."
मागच्या वेळी त्यांच्या वकिलांनी विचारलं होतं, तुम्ही बौद्ध, हौसाक्काच्या जोतिबावरच्या लग्नाला तुम्ही कशाला? मैत्रिणीचं लग्न होतं, म्हटलं. कोर्टात हसले काहीजण.
मलकापूरला नर्स म्हणून नवीन होते तेव्हा आळीत मला कुणी पाणी भरू देत नव्हतं. शेजारची हौसाक्का स्वतः कळशी घेऊन आली. हे कोर्टात कुणी विचारलं नाही.

१३ जाने.
वकिलांकडे. अर्ज वाचून दाखवला. लेक मंगल जन्मली तेव्हा हौसाक्काच्या माहेरच्या दारात एक बाई आली, ती हौसाक्काच्या नवऱ्याची, पांडुरंगदाजींची, पहिली बायको, आणि ती माझ्याशी बोलली. त्या थोरलीच्या भावानं आता गणपतरावांना सांगितलं म्हणे. थोरली वारली. दाजीही गेले. आता कोण उरलं, मी.
"आली होती का?"
"होय."
वकिलांनी अर्ज मिटून ठेवला. मग म्हणाले, पहिली जिवंत असताना केलेलं लग्न कायद्यात टिकत नाही. मुलीचा हक्क राहील, आईचा जाईल. "एवढी वर्षं झाली. आठवत नाही म्हणालात तर कोण काय करणार?"
"असं म्हणा म्हणून सांगताय का मला?"
ते फाइल बांधायला लागले.
निघताना मी सांगितलं, त्या बाईला परत नेलं ते गणपतरावांनीच. बांधता बांधता थांबले. "हे मी विचारू शकतो. पण तुम्ही आधी होय म्हणालात तरच." आणि बजावलं, "त्यांनी विचारलं तेवढंच बोला."

१४ जाने., संक्रांत
मंगल तिळगूळ घेऊन आली. बसली नाही.
"मावशी, न्हाय आली म्हणा की. येक शब्द. न्हायतर गावात आईला ठेवल्याली म्हणतील."
पहिल्यांदा हिला हातात घेतलं ते मीच.
हौसाक्का स्वतः एका शब्दानं काही म्हणत नाही. तेच जास्त...

१७ जाने., रवि.
तो दिवस सारखा डोळ्यापुढं. बाई उन्हातून आली होती, माहेराहून, गावाचं नावही सांगितलं. पाणी मागितलं. मी दिलं. म्हणाली, "आत बाळंतीण हाय न्हवं, तिच्या नवऱ्याची मी बायको." आवाज चढवला नाही. मुलगा का मुलगी, विचारलं. मुलगी म्हटल्यावर हसली थोडं. तिला मूल नाही म्हणून तर दुसरं लग्न लावलं होतं, आणि आम्हाला सांगितलं होतं की थोरलीनं काडीमोड घेतला. तेवढ्यात गणपतराव आले. मनगट धरून घेऊन गेले. जोतिबावर लग्नात सगळ्यात पुढं गणपतरावच होते. आता कोर्टात म्हणतात, भावाचं दुसरं लग्न मला ठाऊकच नाही.
खरं सांगितलं तर मैत्रीण बुडते. नाही म्हटलं तर ती बाई आलीच नव्हती असं होतं.
आमचे हे म्हणतात, तुझं तू ठरव. मदत नाही ही.

२१ जाने., गुरु.
झालं.
त्यांच्या वकिलांनी गोड आवाजात विचारलं. बाई आली होती? होय. कोण म्हणून सांगितलं? पांडुरंगरावांची बायको म्हणून. बसले लगेच.
मग आपले वकील. "त्या बाईला परत कुणी नेलं?" समोरचे हरकत घेत उठले. न्यायाधीशांनी त्यांना बसायला सांगितलं, मला म्हणाले, बोला.
"ह्या गणपतरावांनी. हाताला धरून."
ते मागच्या बाकावर होते. मान खाली नाही घातली. पंख्याकडं बघत राहिले.
मंगल माझ्याकडं न बघता बाहेर गेली. हौसाक्का जागची हलली नाही.

२२ जाने.
सकाळीच हौसाक्का आली, एकटी. मी काही सांगायच्या आत म्हणाली, "मी आत खाटंवर हुतो. कान काय मिटलं नव्हतं. सगळं ऐकलंय तवाच."
इतकी वर्षं. एकदाही बोलली नाही. मीही नाही.
"मग मला नाही म्हण का म्हणाली नाहीस?"
"तुला कसं सांगू? माझ्या मनात लई आलतं."
मग विचारलं, "पाणी दिलंस. भाकरी दिलतीस का तिला?"
नव्हती दिली. वेळच कुठं होता, म्हटलं. मान हलवली तिनं. रागावली का, कळलं नाही.

३१ जाने., रवि.
युक्तिवाद पुढं ढकललाय. वकील म्हणतात, काही सांगता येत नाही, गणपतराव खोटे पडले एवढं खरं.
दुपारी मंगल आली. फाटकातच उभी राहिली.
"थोरल्या आईचं गाव कुठलं म्हणाली हुती? आईला जायचंय तिच्या भावाकडं."
थोरली आई. तिच्या तोंडून पहिल्यांदा ऐकलं.
"तिथं काय करणार आहे?"
"ठाऊक न्हाय. तुमी बी चला म्हणत्या."
गाव सांगितलं. येते म्हणून अजून सांगितलं नाही. तो भाऊ आम्हाला दारात उभं करील का, आणि केलं तर हौसाक्का त्याला मी कोण म्हणून सांगणार, मैत्रीण का साक्षीदार?