पेचावरची खूण

उस्ताद,

आज सकाळी न्हाणीतल्या नळाची मूठ तुटून हातात आली. मागे उरला तो झिजून गोल झालेला दांडा, आणि पाणी धो धो वाहतंय. सूनबाई म्हणाली, "मामा, राहू द्या, नळवाला येईल दुपारी." मी ऐकतो कुठला! पेटीच्या तळातून तुमची पकड काढली, फडक्यातून सोडवली आणि त्या दांड्यावर लावली. पुढं काय झालं ते शेवटी सांगतो. आधी मला नांदेडच्या त्या कापसाच्या जिनिंग कारखान्यात जाऊ द्या.

निजामाची शेवटची वर्षं. मी बावीसचा, दंडात मस्ती, आणि तोंडात शाळेत पाठ केलेल्या कविता. कानस चालवतानाही मी गुणगुणायचो, म्हणून तुम्ही मला फिटर न म्हणता 'शायर' म्हणायचात. त्याच वर्षी तुमच्या उजव्या हाताला लकव्याचा झटका येऊन गेला होता. बोटं मिटायची, पण मिटलेली राहायची नाहीत. सेठ येता-जाता त्या हाताकडे बघायचा. तुमच्या जागी लातूरहून नवा मिस्त्री आणायचं त्याच्या मनात होतं, हे जिनातल्या बायकांनासुद्धा ठाऊक होतं. आणि अशात तुम्ही हैदराबादच्या जुन्या बाजारातून, लढाईच्या उरल्यासुरल्या सामानातून, ती विलायती पकड घेऊन आलात.

साधी पकड हात दाबून धरेल तोवरच धरते. ही मात्र एकदा 'कट्' करून मिटली की हात काढून घ्या, ती आपली धरून बसलेली. मला ती जादूच वाटली. तुम्ही हसलात आणि जेवणाच्या सुट्टीत मला उभं केलंत. "गुडघे वाकव. ऱ्हा असाच." मांड्या थरथरायला लागल्या. "आता सरळ हो. आता किती बी येळ ऱ्हाशील का न्हाई? मग? ह्याच्यात बी गुडघाच हाय, शायर." आणि दांड्यांच्या मधली ती चपटी पट्टी दाखवलीत. तिचं एक टोक खालच्या दांडीला खिळ्यानं जोडलेलं, दुसरं वरच्या पोकळ दांडीत, तिच्या शेपटीला बसवलेल्या फिरत्या पेचाला टेकलेलं. दांड्या दाबल्या की खालच्या दांडीचे दोन खिळे, एक जबड्याचा आणि एक पट्टीचा, आणि ते टेकायचं टोक एका रेषेत यायला लागतात. जसजशी रेष जवळ येते तसतसा हाताचा थोडासा जोर जबड्यात कितीतरी पटीनं उतरतो. आणि रेष केसभर ओलांडली, की कट्. मग जबड्याचाच दाब दांडीला मिटलेली ठेवतो. मला तो कट् ओळीतल्या यतीसारखा वाटायचा. तिथं थांबायचं म्हणून श्वास आधीच तयार. पेच आत फिरवला तर जबडे जवळ येतात, पकड घट्ट बसते, पण मिटायला जोर जास्त. बाहेर काढला तर सैल. जिनातले नट बहुतेक एकाच मापाचे, म्हणून तुम्ही तो पेच तुमच्या त्या अधू हाताला झेपेल एवढाच ठेवला होता. नियम एकच सांगितलात: "पकडीला हात लाव, पेचाला न्हाई." सोडवायला तिला काही खटका नव्हता. तुम्ही खालची दांडी बाकाच्या कडेला अडकवून असा झटका द्यायचात, की मी काम सोडून बघत राहायचो.

मग एक दिवस मधलं जिन-यंत्र बंद पडलं. दाराशी कापसाच्या गाड्या उभ्या. नट इतका झिजलेला की पाना नुसता गरगर फिरत होता. सेठ स्वतः आला. "उस्ताद, आज तुमच्या हातानं निघू द्या. न्हाई तर मी लातूरला माणूस धाडतो." तुम्ही पकड लावलीत, दाबलीत. मिटेना. पुन्हा दाबलीत. सेठ म्हणाला, "बगा. म्हणलं न्हवतं का मी?"

मी तुमच्यापासून दोन हातांच्या अंतरावर उभा होतो, उस्ताद, आणि माझ्या तोंडातून शब्द फुटला नाही.

तुम्ही माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. पेचाकडे पाहिलंत. डाव्या अंगठ्यानं तो हळूच अर्धा फेरा बाहेर काढलात आणि म्हणालात, "थंडी पडून राहिली ना सेठ. लोखंड बी आखडतंय." मग दाबलीत. कट्. हात काढून घेतलात. पकड नटाला तशीच लटकलेली. "घ्या, आता तुमीच काढून दावा." सेठनं दोन्ही हातांनी ओढली, धोतराचा सोगा सावरत पुन्हा ओढली, आणि शेवटी स्वतःच हसला. "तुमीच ऱ्हावा, बाबा, ऱ्हावा." नट निघाला. जिन चालू झालं. लातूरला कुणी गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी तुम्ही पेचावर कानशीनं एक बारीक खूण केलीत आणि ती फक्त मला दाखवलीत. "हितं ठिवायचा." एवढंच. पुढं राज्य बदललं, तुम्ही मुदखेडला मुलीकडे निघालात, आणि जाताना पकड माझ्या हातात ठेवलीत. मी तेव्हाही बोललो नाही.

जिन बंद पडलं त्याच्या आदल्या दुपारी तुम्ही नमाजाला गेला होतात. मी पकड उचलली, पेच आत पिळला आणि माझ्या मुठीत केवढा जोर आहे ते करून पाहिलं. कट् वाजला तेव्हा केवढा खूश झालो होतो! मग तशीच ठेवून गेलो. तुम्हाला कळलं होतं, हे मला त्या खुणेनं कळलं. पण कळणं वेगळं, आणि मी सांगणं वेगळं.

आता सकाळचं सांगतो. पेच तुमच्या खुणेवरच होता. इतकी वर्षं मी तो हलवला नाही. दोन्ही हातांनी दाबली. मिटली नाही. सूनबाई दारात उभी होती. मी तिला म्हटलं, "थंडीनं लोखंड आखडलंय गं." आणि पेच खुणेच्याही बाहेर, अर्धा फेरा सोडला. मग दाबली. कट्.