अप्पा परत कुठे येतात

ती. अप्पा,

नमस्कार. तुम्हाला जाऊन सात महिने झाले. तुमच्या हयातीत मी तुम्हाला एकही पत्र लिहिलं नाही. आधी फोन होता, आणि नंतर तर तुम्ही आमच्याच हॉलमध्ये होतात. आज लिहायला बसलोय, कारण काल दुपारी माझ्या हातून तुम्ही मेलात. दचकू नका, तुमच्या आणि ईराच्या त्या खेळात! जुना टॅब्लेट एक्स्चेंजमध्ये द्यायचा होता, म्हणून त्यातलं सगळं पुसायला घेतलं होतं. "बाबा, आबाचा गेम एकदा बघ, मग पूस," असं ईरा म्हणाली, म्हणून तो उघडला आणि घोळ झाला.

पण त्याआधी एक जुनी गोष्ट काढतो. तुमच्यासमोर काढायची हिंमत झाली नाही.

आई गेल्यावर मी आणि मेधा मिरजेहून तुम्हाला गुडगावला घेऊन आलो. आठवडा झाला असेल. सकाळी चहा घेताना मी विचारलं, "अप्पा, परतीचं तिकीट कधीचं काढू?" अहो, माझ्या मनात खरंच काही नव्हतं! आपण दिल्लीतली मराठी माणसं. घरी कुणी आलं की बूट काढायच्या आत आपण परतीच्या तिकिटाचं विचारतो. सुट्टीत वेटिंग लिस्ट कुठवर जाते ते तुम्हाला मी काय सांगणार? दिल्लीत नोकरीला होतात तेव्हा लक्ष्मीबाई नगरच्या सरकारी क्वार्टरमध्ये तुम्हीही आल्यागेल्या प्रत्येकाला तेच विचारायचात. मी पहिल्यांदा तुमच्याकडे आलो, तेव्हा मलाही विचारलं होतंत. सवयीने तोंडातून गेलं.

तुम्ही कप खाली ठेवलात आणि म्हणालात, "बघतो जावईबापू, कळवतो."

त्यानंतर तुम्ही कळवलं नाही, आणि मीही विचारलं नाही. पण तुमची तपकिरी बॅग त्या दिवसापासून दिवाणाखाली भरलेलीच राहिली. धुतलेले कपडे वाळले की कपाटात नाही, बॅगेत. मेधाने कपाटाचा एक खण रिकामा करून दिला होता. त्यात तुम्ही काय ठेवलंत? छत्री! सकाळी आम्ही उठायच्या आत अंथरुणाची घडी झालेली असायची, कुणी झोपलं होतं याचा मागमूस नाही. मेधा मला म्हणायची, "माझे वडील माझ्याच घरात पाहुण्यासारखे राहतात. तू काही बोललास का त्यांना?" मी म्हणायचो, काही नाही. आणि खरोखर, बोललो तर काहीच नव्हतो!

दोन वर्षं, अप्पा. "तिकिटाचं सोडा, तुम्ही इथेच राहा," एवढं एक वाक्य बोलायला मला दोन वर्षं पुरली नाहीत. आधी वाटलं, विसरतील. मग वाटलं, आता इतक्या दिवसांनी काढलं तर उगाच विचित्र दिसेल. ऑफिसात दिवसभर तोंड चालवणारा माणूस मी, पण घरी येऊन गप्प.

ईराचं बरं होतं, तिला असले प्रश्न पडत नाहीत. तुम्हाला सोसायटीच्या बाकावर बसून कंटाळा येतो हे तिनेच ओळखलं. "आबा, चल, तुला गेम शिकवते!" मला वाटलं, चार दिवसांचं खूळ. तुम्ही तर नियम लिहून घ्यायला वही काढलीत! ती वही माझ्याकडे आहे. सगळं जग ठोकळ्यांचं. झाड तोडा, लाकूड मिळेल. लाकडाचं घर बांधा, कारण अंधार पडला की राक्षस बाहेर येतात. खाली मोठ्या अक्षरांत तुम्ही लिहिलंय: "मेल्यावर काय?" आणि खाली रेघ मारून तुमचं ते कचेरीतलं टिपण. "मेल्यावर मनुष्य पुन्हा येतो. अंगावरचं सामान मेला त्या जागी पडतं. पाच मिनिटांत जाऊन उचललं नाही तर नाहीसं होतं. ज्या पलंगावर शेवटचं झोपला असेल, तिथे परत येतो. पलंग केलाच नसेल, किंवा कुणी मोडला असेल, तर जगाच्या सुरुवातीला परत येतो."

जगाची सुरुवात म्हणजे तो समुद्रकिनारा. ईराचं घर तिथून डोंगरापलीकडे. आणि तुम्ही मरायचात तरी किती हो! कड्यावरून पडून, पाण्यात बुडून, एकदा तर स्वतःच लावलेल्या आगीत. दर वेळी किनाऱ्यावर. तिथून परत चालत. "निघालो गं," असं हॉलमधून ओरडायचात आणि मग अर्धा तास टॅब्लेटवरून मान वर नाही. वाट चुकू नये म्हणून तुम्ही मशाली लावत गेलात, किनाऱ्यापासून ईराच्या दारापर्यंत.

"आबा, एक पलंग कर ना यार! तीन लोकर, तीन फळ्या, बस. माझ्याच घरात ठेव. मग मेलास की इथेच येशील."

तुम्ही काय म्हणालात ते मी स्वयंपाकघरातून ऐकलंय. "माझी इथे अलॉटमेंट नाही गं."

ईरा हसली. मी नाही हसलो. भांडी घासत होतो, पाणी जरा मोठं सोडलं.

त्या खेळात आणखी एक नियम आहे. सगळे खेळाडू पलंगावर आडवे झाल्याशिवाय रात्र सरत नाही. ईरा पांघरूण घेऊन पडलेली, आणि तुम्ही कोपऱ्यात उभे! "आबा, झोप ना, माझी रात्र संपत नाहीये!" तुम्ही सरळ खेळातून बाहेर पडायचात. "तू झोप, उजाडलं की बोलाव." म्हणजे आपल्यामुळे कुणाचं अडायला नको. घरात पाहुणे आले की पायात चपला अडकवून खाली चक्कर मारायला जायचात, तसंच. तुमचा रागही यायचा, खरं सांगतो. इतकं सभ्य कशाला वागायचं माणसाने? एकदा तरी रिमोटवरून भांडायचं होतंत!

मग हॉस्पिटलचे ते तीन दिवस. तुमची बॅग भरलेलीच होती, नुसती उचलून गाडीत टाकली. मेधा तेव्हा बॅगेकडे बघून जे रडली, ते मी विसरलेलो नाही.

आता काल काय झालं ते. ईराने तिच्या नव्या टॅब्लेटवर तेच जग उघडलं आणि मी जुन्यावरून तुमच्या नावाने आत गेलो. तुम्ही डोंगरावर उभे होतात, हातात कुदळ. मला त्यातलं काही येत नाही. पुढे जायला बोट दाबलं, तर तुम्ही थेट कड्यावरून खाली! पडदा लाल झाला, आणि खाली एक बटण: पुन्हा या.

"बाबा, दाब ना! आबाचं सामान पडलंय, पाच मिनिटांत गायब होईल!" असं म्हणत ईरा तिच्या टॅब्लेटवर धावायला लागली.

माझं बोट काही उठेना. वेडेपणा आहे, मला कळतं. पण बटण दाबलं की तुम्ही त्या किनाऱ्यावर एकटे उभे राहणार, आणि मग मला पक्कं कळणार की शेवटपर्यंत तुम्ही आमच्याकडे पाहुणेच होतात. ते मला बघायचं नव्हतं. ईरा ओरडत होती, "बिल्कुल स्लो आहेस तू!" शेवटी दाबलं.

किनारा नव्हता. डोक्यावर लाकडी छत, समोर खिडकी, खिडकीत ईराने लावलेली फुलं. आणि शेजारी लाल पांघरुणाचा एक पलंग.

"हे कुठलं?" मी विचारलं.

"माझं घर ना, वरचा मजला. आबाची रूम आहे ती."

"आबाने पलंग केला होता?"

"केव्हाच! तो जुनं क्वार्टर बघायला गेला होता ना, त्या दिवशी."

मला तो दिवस आठवला. तुम्ही मेट्रोने एकटेच गेला होतात. परत येऊन एवढंच म्हणालात की आमची रांग पाडली, आता तिथे पत्रे लावलेत. मी म्हणालो, "अच्छा," आणि लॅपटॉप उघडला. तुम्ही तीस वर्षं त्या घरात काढलीत आणि सरकारची भिंत म्हणून एक खिळासुद्धा ठोकला नाहीत.

"मग मला कसं नाही सांगितलं?" मी ईराला विचारलं.

ती सामान गोळा करता करता म्हणाली, "आबाच नको म्हणाला. म्हणाला, तुझ्या बाबांना न विचारता केलंय. विचारायला पाहिजे होतं, पण विचारलं आणि ते नाही म्हणाले, तर?"

अप्पा! मी नाही म्हणेन असं वाटलं तुम्हाला? एका ठोकळ्यांच्या पलंगाला? की त्या पलंगाचं नव्हतंच ते विचारणं? विचारायचं होतंत हो. पण तुम्ही का विचारायचं, मीच म्हणायला हवं होतं. तुम्ही माझ्या तोंडून ते वाक्य यायची वाट बघत राहिलात, मी तुमच्या विसरण्याची वाट बघत बसलो. रात्री मेधाला सगळं सांगितलं, तिकिटासकट. ती म्हणाली, "निदान त्यांनी पलंग तरी केला."

तुमचं सामान वाचलं. ईरा वेळेत पोचली. कुदळ, मशाली, अर्धी भाकरी, सगळं तिने पलंगाशेजारच्या पेटीत ठेवलंय. टॅब्लेट आम्ही देत नाही. तो पलंग कुणी मोडणार नाही, हे माझ्याकडे लागलं. ईरा उद्या तिथे राजवाडा बांधायला निघाली, तरी तुमची खोली आहे तिथेच राहील.

आणि आणखी एक. तुमचा फोटो इतके दिवस फ्रिजवर टेकवून ठेवलाय. तुम्हाला भिंतीला भोक पाडलेलं आवडणार नाही म्हणून मीच टाळत होतो. येत्या रविवारी ड्रिल आणतो आणि हॉलमध्ये, दिवाणाच्या बरोबर वर, खिळा ठोकतो. बॅग मेधाने आज सकाळी रिकामी केली. कपडे कपाटात लावले, छत्रीच्या वरच्या खणात.

अप्पा, तिकीट काढत नाही. इथेच राहा.

तुमचा,
प्रशांत